‘ना’च्या पुढचं अक्षर

मंगळवारी सकाळी तू लग्नाचं शूटिंग आटोपून अकोल्याच्या घरी आलास. बायकोला, ज्योतीला, चहा टाकायला सांगितलंस. चहा होईपर्यंत तू गेला होतास. मी अमरावतीला वर्गात होते. फोन पर्समध्ये होता.

तुझी तेरवी झाली, विलास. पाहुणे गेले, मीही अमरावतीला परतले. टेबलावर लॅपटॉप उघडा आहे आणि त्यात तुझी फिल्म आहे. तिच्या इंग्रजी सबटायटलमधली शेवटच्या प्रसंगाची एक ओळ मला अजून लिहायची आहे. शकील रोज फोन करतो. स्टुडिओतला तुझा भागीदार, त्यामुळे शनिवारी फिल्म दाखवायचा सगळा कार्यक्रम आता त्याच्या एकट्याच्या अंगावर आहे. तरी तो रागावत नाही. "ताई, फाइल हुई क्या?" एवढंच विचारतो. मी म्हणते, एक ओळ राहिली. "एकच ना?" तो म्हणतो आणि फोन ठेवतो. मी त्या ‘ना’पाशी बसून राहते.

हे छापून येईल तेव्हा तुला न ओळखणारेही वाचतील. त्यांच्यासाठी तुझ्या फिल्मची गोष्ट सांगून टाकते, तू चहाच्या टपरीवर सांगायचास तशी. एका शेतकऱ्याची सोयाबीनची सुडी, म्हणजे कापून शेतात रचून ठेवलेला सगळा माल, एका दुपारी पेटते. धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, त्याचं शेजाऱ्याशी भांडण चालू असतं, म्हणून गावाचा संशय शेजाऱ्यावर जातो. माणसं पारावर जमतात. शेजाऱ्याला मधोमध बसवतात. कॅमेऱ्यामागून एक आवाज त्याला विचारतो, "तू लावली का?" तो उत्तर देतो आणि फिल्म संपते. विचारणारा माणूस दिसत नाही. तो आवाज तुझा आहे.

फिल्मचं नाव तू ‘इचारपूस’ ठेवलंस. मी ‘विचारपूस’ असं दुरुस्त करून पाठवलं, तर तू परत ‘इचारपूस’ केलंस आणि वर लिहिलंस, "मॅडम, लाल पेन पर्समंदी ठेवा."

लहानपणापासून मी तुझं बोलणं दुरुस्त करत आले. चांदूर रेल्वेच्या त्या दोन खोल्यांत काही फुटलं, सांडलं, हरवलं की आई नुसतं "कोण?" म्हणायची, आणि ती कशाबद्दल विचारते हे कळायच्या आधीच तुझं उत्तर तयार असायचं, "म्या नाई." मी म्हणायचे, "‘म्या’ नाही, ‘मी’. आणि ‘नाई’ नाही, ‘नाही’." आई हसायला लागायची आणि फुटलेली वस्तू तशीच राहून जायची. माझ्या व्याकरणानं तू कितीदा सुटलास, ते तू कधी कबूल केलं नाहीस. पुण्याला शिकून आले तेव्हा तू मला स्टेशनवर घ्यायला आला होतास. माझं एक वाक्य ऐकलंस आणि हमालाला म्हणालास, "इचं सामान सांभाळून घे बा, पुण्याहून ‘ह’ घेऊन आली." त्या दिवसापासून माझ्याशी बोलताना तू मुद्दाम जास्त वऱ्हाडी बोलायचास. मी चिडायचे. आज सकाळपासून हेडफोन लावून तोच आवाज ऐकते आहे, "तू लावली का?" मागे जाते, पुन्हा ऐकते. तुझ्या प्रश्नाची ओळ मी इंग्रजीत केव्हाच लिहिली. त्याला वेळ लागला नाही. पण ती टाइप करताना बोटं थांबली, कारण त्या वाक्याखाली तुझं नाव द्यायची सोय नव्हती.

फिल्ममध्ये शेजारी झालेले गजूभाऊ तुला लग्नांच्या मांडवात भेटले. बार्शीटाकळीजवळ त्यांचं झेंडू-शेवंतीचं शेत आहे, आणि अकोल्यातल्या स्टेजांना फुलं तेच द्यायचे. तू व्हिडिओ काढायचास, ते हार बांधायचे, आणि नवरदेव यायला उशीर झाला की दोघं खुर्च्या ओढून बोलत बसायचात. तिथेच तुला कळलं की त्यांच्या शेजारच्या उत्तमरावांची सुडी एकदा खरोखर जळाली होती, धुऱ्याचं भांडण खरोखर होतं, आणि गावाचं बोट गजूभाऊंकडे होतं. पुरावा मिळाला नाही, प्रकरण मिटलंही नाही. लोक बोलेनासे झाले नाहीत, फक्त त्यांच्याशी बोलताना थोडे जपून बोलू लागले.

तू त्यांना फिल्ममध्ये घेतो म्हणालास तेव्हा मी घाबरले होते. त्यांच्याच अंगावरचं त्यांनाच करायला लावायचं? मी त्यांना स्वतः विचारलं, तुम्हाला चालेल का? त्यांनी दिलेलं उत्तर मी विसरू शकत नाही.

"ताई, पोलिसानं मले इचारलं, पण जबाब त्यानं लिवूनच आणला होता. गावात तं मले कोणी इचारलंच नाई. पिच्चरमंदी तरी कोणी इचारीन."

म्हणून शेवटच्या प्रसंगात तू त्यांना संवाद दिला नाहीस. सांगितलंस, मी विचारतो, तुम्हाला जे म्हणायचं ते म्हणा. त्या दिवशी मीही आले होते, चेहऱ्यावर उजेड पाडायची थर्माकोलची पांढरी पाटी धरून उन्हात उभी. तू विचारलंस. गजूभाऊ बराच वेळ खाली पाहत राहिले. मग मान वर केली, "म्या लावली ना" म्हणाले आणि त्याच क्षणी खांद्यावरचा दुपट्टा तोंडावरून फिरवला. ‘ना’च्या पुढे एखादं ‘ई’ होतं की नव्हतं, ते त्या कापडात गेलं.

पारावरचं कुणीही हललं नाही. तू ‘कट’ म्हणायला विसरलास.

"पुन्हा घे," मी म्हटलं. "शब्द नीट आला नाही."

"आला."

"काय आला?"

"आला ना."

"विलास!"

"ताई, पाटी खाली ठेव. हात दुखले असतीन."

आपलं भांडण तिथून सुरू झालं आणि संपलं नाही. मी वर्गात शिकवते तसं तुला समजावलं होतं. ‘म्या लावली नाई’ म्हटलं असेल तर तो साफ नकार आहे. ‘म्या लावली ना’ म्हटलं असेल तर ती कबुली आहे, हो बाबा, मीच लावली. आणि तिसरंही असू शकतं. तुम्ही सगळ्यांनी ठरवलंच आहे, तर लावली ना मी, असा टोमणा. तीन अर्थ, आणि त्यांच्यामध्ये एक दुपट्टा. तू लहान मुलासारखा खूश झालास. म्हणालास, यासाठीच तर एवढा खटाटोप केला.

मला ती खुशी आवडली नाही. मी म्हटलं, तुझ्यासाठी ते कोडं आहे, त्यांच्यासाठी ते गाव आहे. फिल्म पाहून तू अकोल्याला जाशील, मी अमरावतीला जाईन, ते तिथेच राहतील. तू चिडला नाहीस. म्हणालास, "म्या त्यायले साफ निर्दोष दाखवलं तं लोक काय म्हणतीन? पिच्चरमंदी सुटला म्हणतीन. त्यापेक्षा हे बरं."

मग सबटायटलचं निघालं. बाहेरच्या एका स्पर्धेला फिल्म पाठवायची तर खाली इंग्रजी हवंच. भाषा तुझा विषय, म्हणून काम तुझं, असं म्हणून तू ते माझ्या गळ्यात घातलंस. शेवटच्या ओळीपाशी मी तुला फोन केला.

"तसंच ठेव," तू म्हणालास.

"तसंच म्हणजे कसं? इंग्रजीत ‘ना’ नाही. तिथं त्यांनी एक तर आग लावलेली असते, नाही तर लावलेली नसते."

"मंग इंग्रजीचं चुकून राहिलं. आपलं नाई."

"विलास, मला काहीतरी लिहावं लागेल."

"येतो मी रविवारी अमरावतीले. मंग भांडू. गिला वडा आणून ठेवजो."

तो आपला शेवटचा फोन. पुढच्या मंगळवारी ज्योतीनं चहा टाकला. मधल्या रविवारी तू आला नव्हतास, लग्नाची तारीख लागली होती. मी वडे आणले होते, एकटीनं खाल्ले, आणि तुझ्यावर थोडी वैतागले. एवढंच.

तुझ्या तेरवीला गजूभाऊ आले. शेवंतीचा हार स्वतः बांधून आणला होता. तो तुझ्या फोटोला घातला, हात जोडले, आणि ज्योतीला म्हणाले, "भाऊ लय चांगला होता ना." ती रडत होती. मी तिच्या शेजारी बसून त्यांचा ‘ना’ ऐकत होते. कसा म्हणतात, शेवट कुठे सोडतात, ओठ मिटतात की उघडे राहतात. माझा भाऊ गेलेला, आणि मी एका माणसाच्या सांत्वनातून पुरावा गोळा करत होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं तर मला मान खाली घालावी लागली.

जाताना दारात ते म्हणाले, "पिच्चर होईन ना, ताई?"

होणार, मी सांगितलं. ज्योतीचीही इच्छा होती. सभागृह तू ठरवून ठेवलं होतंस.

"मंग बरं. गावातून दोन गाड्या येऊन राहिल्या. उत्तमराव बी येते म्हणे." चप्पल पायात सरकवली. "त्याचा पोरगा इंजिनेरीले हाय तुमच्या अमरावतीत. तो म्हणे, खाली इंग्रजीत लिवून येते, मंग समजते."

"काय समजतं?"

"म्या काय म्हणलो ते."

त्या वाक्यानंतर मला झोप लागेनाशी झाली, विलास. इतक्या वर्षांत गावानं जे ठरवलं नाही ते आता माझ्या एका ओळीवर ठरणार होतं. उत्तमराव इंग्रजी वाचणार नाहीत, पण त्यांचा मुलगा वाचेल, आणि घरी जाताना गाडीत सगळ्यांना सांगेल. लिहिलेलं आहे म्हटल्यावर ऐकलेल्याला कोण विचारतो? मी ‘लावली’ लिहिलं तर गजूभाऊंनी पडद्यावर कबुली दिली असं होईल. ‘लावली नाही’ लिहिलं तर तुझी फिल्म मोडेल, आणि उत्तमराव म्हणतील, मास्तरीणबाईंनी सोडवला. दोन्ही ओळी मी लिहून पाहिल्या. दोन्ही बरोबर दिसत होत्या, व्याकरणाच्या दृष्टीनं.

शेवटी या रविवारी मी बार्शीटाकळीला गेले. आधी अकोल्याला ज्योतीकडे थांबले, तिथून बसनं. गजूभाऊ आणि शोभावहिनी झेंडू तोडत होते. मला बघून वहिनींनी टोपली खाली ठेवली आणि चहा मांडला. बराच वेळ आम्ही तुझ्याबद्दल बोललो. तू एकदा त्यांच्या शेतात सकाळी सकाळी येऊन झेंडूवरचं दव कॅमेऱ्यात टिपत पालथा पडलास आणि वहिनींना वाटलं, माणूस चक्कर येऊन पडला, ही गोष्ट तू मला कधी सांगितली नव्हतीस. तिथे बसून मी तुझ्या मृत्यूनंतर पहिल्यांदा हसले. त्यासाठी मी त्या दोघांची ऋणी आहे.

मग मी विचारलं, "गजूभाऊ, त्या दिवशी पारावर तुम्ही काय म्हणालात? ‘ना’ की ‘नाई’?"

ते उत्तर द्यायच्या आत वहिनी म्हणाल्या, "अवो ताई, याहीचं घरीबी तसंच हाय. भाजीत मीठ बरोबर हाय का इचारलं तं म्हणते, ‘हाय ना...’ आता हाय का नाई? जेवतानी समजते मले! लगन करतानी ‘पोरगी पसंत हाय का’ इचारलं होतं याहीच्या बापानं, तवाबी असंच तोंडातल्या तोंडात. मी अजून इचारून राहिली, पसंत होती का नाई?"

"होती ना," गजूभाऊ म्हणाले.

"पाहा!"

आम्ही तिघंही हसलो. मग गजूभाऊ फुलांकडे बघत म्हणाले, "इलासभाऊनं बी इचारलं होतं. शूटिंगच्या दुसऱ्या दिवशी. कॅमेरा गाडीतच होता. इथंच बसून."

मला हे ठाऊक नव्हतं. तू म्हणालाच नाहीस.

"मग?"

"सांगतलं मी त्याले."

"काय सांगितलं?"

"ते तं त्याले सांगतलं ना, ताई."

तू विचारलं होतंस, तुला उत्तर मिळालं होतं, आणि तरी तू मला ‘तसंच ठेव’ म्हणाला होतास. म्हणजे मी ज्याला हट्ट समजत होते तो हट्ट नव्हता, विश्वासानं सोपवलेली गोष्ट राखणं होतं? की तुला जे कळलं ते तुझ्या फिल्मच्या सोयीचं नव्हतं? की माझ्या सोयीचं नव्हतं? मला तुझ्यावर राग आला. गेलेल्या माणसावर राग येतो तेव्हा तो ठेवायचा कुठे, तेही कळत नाही.

मग दुसरी गोष्ट लक्षात आली. मी त्यांना शब्द विचारला होता. तू शब्द विचारला नसशील, तुझा तो स्वभावच नव्हता. तू आग विचारली असशील. इतक्या लांबून बसनं येऊन मीही पोलिसासारखीच आले होते, दोन उत्तरं आधीच लिहून.

म्हणून मी तुझ्याच शब्दांत विचारलं. अहो-जाहो तेवढं माझं. "गजूभाऊ, उत्तमरावांची सुडी तुम्ही लावली का?"

वहिनींचं हसू थांबलं. त्या माझ्याकडे पाहत नव्हत्या, नवऱ्याकडे पाहत होत्या, आणि त्यांच्या नजरेवरून मला कळलं की हा प्रश्न त्या घरातही कधी कुणी विचारलेला नाही.

गजूभाऊंनी खांद्यावरचा दुपट्टा काढला आणि टोपलीवर ठेवला. माझ्याकडे सरळ पाहिलं.

"नाही," ते म्हणाले.

‘ह’सकट म्हणाले, विलास. ‘नाई’ नाही, ‘ना’ नाही. पुस्तकात छापतात तसं, प्रत्येक अक्षर सुटं.

वहिनींनी डोळ्याला पदर लावला आणि लगेच म्हणाल्या, "पाहा, मॅडमपुढं कसं पुस्तकावानी बोलता येते!"

गजूभाऊ हसले नाहीत. उठून पुन्हा झेंडू तोडू लागले.

अकोल्याहून बडनेऱ्यापर्यंत गाडीत मला बसायला जागा मिळाली नाही. दाराशी उभी राहून मी तो एक शब्द पुन्हा पुन्हा ऐकत होते. ऐकलं तेव्हा मला सुटल्यासारखं वाटलं होतं. मूर्तिजापूर गेलं आणि भीती वाटायला लागली. त्यांनी ‘ह’ का म्हटला? मला नीट कळावं म्हणून, कापडात काही जाऊ नये म्हणून? दुपट्टा बाजूला ठेवला तो त्यासाठीच? की तहसीलमध्ये, ठाण्यात, बँकेत, जिथे समोरचा आपल्या बोलण्यावर विश्वास ठेवणार नाही अशा ठिकाणी माणसं जी भाषा बोलतात, ती ते माझ्याशी बोलले? खरं बोलायला माणूस स्वतःची भाषा सोडतो, की ती सोडतो तेव्हाच सावध असतो? भाषा शिकवण्यात माझं आयुष्य गेलं आणि मला हे सांगता येत नाही.

माझा त्यांच्यावर विश्वास आहे. हे वाक्य मी लिहिते आणि ते मला पुरेसं वाटत नाही. एकच गोष्ट तुला विचारायची होती. काय सांगितलं ते नको, ते तुमच्यातलं आहे. कसं सांगितलं? तुझ्याशी बोलताना त्यांनी ‘ह’ म्हटला होता का?

तू असतास तर "आला ना" म्हणाला असतास.

हे लिहायला घेतलं तेव्हा ती ओळ राहिली होती. काल मी फाइल पाठवली. तासाभरात शकीलचा फोन.

"ताई, आखरी लाइन छूट गयी."

"सुटली नाही. कोरी ठेवली आहे."

"स्पर्धावाले समझेंगे गलती हुई."

"समजू देत."

"तुम दोनों भाई-बहन ना," तो म्हणाला आणि त्यानं फोन ठेवला.

तू जिंकलास असं समजू नकोस. तू ती ओळ कोरी ठेवली असतीस ती न सांगण्यासाठी. मी ठेवली ती वेगळ्या कारणानं. खाली काहीही लिहिलं असतं, तर उत्तमरावांचा मुलगा ते वाचून निघून गेला असता. आता वाचायला काही नाही. समजून घ्यायचं असेल तर त्याला मागे वळून गजूभाऊंना विचारावं लागेल. तोंडानं, सगळ्यांसमोर, आपल्या भाषेत. त्यांना फिल्मकडून एवढंच हवं होतं. आणि मी चुकले असेन, कुणीच न विचारता दोन्ही गाड्या परत जातील, तर त्यांच्यासाठी सगळं होतं तसंच राहील आणि ते माझ्यामुळे राहील. हे मला फाइल पाठवण्याआधी ठाऊक होतं, आणि अजूनही ती परत मागवावी असं कालपासून अनेकदा वाटलं.

शनिवारी फिल्म आहे. मी ज्योतीला सांगितलं आहे, मी पुढच्या रांगेत बसणार नाही, गजूभाऊ आणि वहिनींच्या शेजारी बसेन. तुझा आवाज विचारेल. ते उत्तर देतील. खाली पडदा कोरा असेल. मग दिवे लागतील. त्यानंतर त्यांना कुणी विचारेल की नाही, मला माहीत नाही.